हिरव्या झावळ्यांचा हिशोब

आमचं घर दापोली तालुक्यात, खाडीच्या काठी. परसात अब्बांनी लावलेले अकरा माड होते. आता दहा आहेत. अकरावा माझ्यामुळे गेला. ती गोष्ट आज लिहून टाकतो, कारण दर वर्षी पावसाच्या तोंडावर कुणीतरी मला विचारतंच, "सर, माड छाटून घेऊ का?"

३ जून २०२०. निसर्ग चक्रीवादळ आमच्या अंगावरून गेलं, ती दुपार इथलं कुणीच विसरणार नाही. शेजारच्या वाडीतला एक माड आमच्या स्वयंपाकघराच्या कौलांवर आडवा झाला. अम्मी तेव्हा दोन पावलांवर, पुढच्या खोलीत होती. अब्बा आदल्या वर्षी गेले होते, दोन्ही भाऊ कुवेतला. घरात कर्ता पुरुष मीच, शाळेत उर्दू-मराठी शिकवणारा. माडाबद्दल मला एवढंच कळायचं की खालून वर पाहताना मान दुखते.

पुढच्या एप्रिलमध्ये मी ठरवलं, माड हलके करून घ्यायचे. अब्बांच्या वेळचे तात्या थकले होते, म्हणून शिडीचं यंत्र घेऊन फिरणारा एक तरुण मुलगा बोलावला. त्याला म्हटलं, "वाऱ्याला अडेल असं काही ठेवू नकोस." त्यानं माझं ऐकलं. संध्याकाळी प्रत्येक माडाच्या डोक्यावर आठ-दहा झावळ्या उरल्या होत्या. अंगणात हिरव्या झावळ्यांचा ढीग. अम्मी दारात उभी राहून बघत होती. एवढंच म्हणाली, "तुझ्या अब्बांनी हिरवी झावळी कधी कापली नाही रे."

मला ते बायकी हळवेपण वाटलं. चूक माझी होती.

तात्या दोन दिवसांनी काठी टेकत आले. वर पाहिलं आणि म्हणाले, "मास्तर, माड साफ करतात. छाटतात ती मेंदी."

मी भाषेचा शिक्षक. आमच्याकडे कुणीच 'माडाची छाटणी' म्हणत नाही, 'माड साफ करणे' म्हणतात, हे जन्मभर ऐकलेलं. पण त्या शब्दात काय सांगितलंय याचा विचार कधी केला नव्हता.

तात्यांनी मला हिशोब समजावला. मोठ्या माडाला साधारण महिन्याला एक नवी झावळी येते. निरोगी माडावर तीस-पस्तीस झावळ्या असतात. प्रत्येक झावळीच्या बेचक्यात एक पोय, म्हणजे नारळाची एक पेंड. हिरवी झावळी कापली की माडाचं अन्न तुटतं. वर पेंडीला खालून आधार राहत नाही, ती लोंबते, कोवळी फळं गळतात. आंब्याची फांदी तोडली तर बाजूनं धुमारे फुटतात. माडाला फांदीच नाही, एकच शेंडा. तो गेला की माड गेला.

आधी वर्षाला सातशे-आठशे नारळ निघत. पुढच्या वर्षी तीनशेसुद्धा निघाले नाहीत. ईदच्या सांदणांना नारळ बाजारातून आणले, तेव्हा अम्मी काही बोलली नाही. ती बोलली असती तर बरं वाटलं असतं.

विहिरीजवळच्या माडाच्या खोडातून तांबूस चिकट रस येऊ लागला. खाली चावलेला भुसा. खोडाला कान लावला तर आत कुरतडल्याचा आवाज. कृषी सहायकांनी सांगितलं, सोंड्या भुंगा. ताज्या जखमेच्या वासावर तो येतो आणि तिथंच अंडी घालतो. माडाच्या खोडाची जखम आंब्यासारखी भरून येत नाही. नाइलाजानं हिरवी झावळी कापावी लागलीच, तर निदान मीटरभर देठ ठेवायचा, म्हणजे किडीला खोडापर्यंत वाट मिळत नाही. आमच्या त्या मुलानं देठ अगदी खोडाला घासून कापले होते. महिन्याभरात शेंडा झुकला. तो माड तोडून जाळावा लागला. अब्बांनी माझ्या जन्माच्या वर्षी लावलेला होता.

आता वर्षातून चार-पाच वेळा नारळ काढताना माड साफ करून घेतो. खाली लोंबणारी पूर्ण वाळलेली झावळी, सुकलेल्या पोयींचे दांडे, बेचक्यातली जुनी जाळी, एवढंच काढायचं. नव्या झावळीवर कात्रीनं कापल्यासारखे त्रिकोण दिसले तर गेंड्या भुंगा आहे असं समजायचं. तारेच्या आकड्यानं तो ओढून काढायचा आणि वरच्या बेचक्यांत वाळू व निंबोळी पेंड मिसळून भरायची. परसातला शेणखताचा खड्डाही वरचेवर उपसतो, कारण त्याची अळी तिथंच वाढते.

त्या छाटणीनंतर झावळ्यांची छत्री भरायला दोन वर्षं लागली. नारळ त्याच्याही नंतर आले. दोन वर्षांपूर्वी विहिरीजवळच्या मोकळ्या जागेत बाणवलीचं रोप लावलं. खड्डा मी खणला, रोप अम्मीच्या हातानं. ती म्हणाली, "फळ धरायला सहा-सात वर्षं लागतील, मी कुठली बघतेय!"

तरी रोज फजरनंतर तांब्याभर पाणी तीच घालते. परवा त्या रोपाची खालची झावळी थोडी पिवळी दिसली, म्हणून मी हात पुढे केला. अम्मी लांबूनच ओरडली, "वाळू दे आधी!"

मी हात मागे घेतला.