देठ कुणाचा?

गेल्या वर्षी मार्गशीर्षात निफाड तालुक्यातले एक द्राक्ष बागायतदार माझ्याकडे आले. हातात कागदी पाकीट होतं. त्यावर प्लॉट, द्राक्षाची जात, छाटणीची तारीख असं सगळं ठळक अक्षरांत लिहिलेलं. पाकिटात शंभरेक देठ होते. धुतलेले, सावलीत सुकवलेले, एका लांबीचे. बत्तीस वर्षं मी महाविद्यालयात वनस्पतिशास्त्र शिकवलं, पण इतका नेटका नमुना विद्यार्थ्यांकडूनही क्वचितच मिळाला. फक्त ते देठ पानांचे नव्हते, घडांचे होते.

द्राक्षबागेत देठ परीक्षण आता घरोघरचं झालं आहे. वेलीला नत्र, पालाश, मॅग्नेशियम किती मिळतंय हे मातीवरून पुरतं कळत नाही. मातीत असलेलं सगळं वेल उचलतेच असं नाही. म्हणून पानाचा देठ तपासतात. एप्रिल छाटणीनंतर सुमारे पंचेचाळीस दिवसांनी काडीच्या तळाकडून पाचव्या पानाचा देठ घ्यायचा आणि ऑक्टोबर छाटणीनंतर फुलोऱ्यात घडासमोरच्या पानाचा. पातं टाकून द्यायचं, देठ तेवढा ठेवायचा. प्रयोगशाळा आलेले आकडे एका तक्त्याशी ताडून बघते आणि तो तक्ता पानाच्या देठाचा असतो. घडाच्या देठाचे आकडे त्यात बसवले तर येणारा सल्ला निरर्थक ठरतो.

"दोन वर्षं असेच देतोय मॅडम," ते म्हणाले. "विरळणीत घड काढतोच ना आपण. त्यांचेच देठ घेतले, म्हणजे पानंही वाचली." वाळून तुकडे झालेले देठ प्रयोगशाळेत कुणाच्या लक्षात आले नव्हते. दोन हंगाम त्यांनी त्या अहवालांप्रमाणे खतं दिली होती. मग त्यांनी खिशातून घडी घातलेलं माहितीपत्रक काढून माझ्यासमोर ठेवलं. त्यात वाक्य होतं, 'फुलोऱ्यात घडासमोरचे देठ घ्यावेत.' त्या पत्रकाची मराठी मी तपासली होती. मूळ मसुद्यात 'पानाचे' हा शब्द होता. देठ परीक्षणाचा देठ पानाचाच असणार, मग पुन्हा सांगायचं कशाला, असं वाटून मीच तो काढला होता.

या अंकाच्या संपादकांनी श्रावणात फोन करून "तुमच्या विषयावर काहीही लिहा, पण सोपं" असं सांगितलं, तेव्हा मला दुसरं काही सुचलं नाही. गेलं वर्षभर तो गाळलेला एक शब्द माझ्या मनातून जात नाही.

देठ हा शब्द आपल्या तोंडात इतका बसलेला आहे की त्याला अर्थ विचारायची वेळच येत नाही. विड्याच्या पानाचा देठ आपण खुडतो. भरल्या वांग्याचा ठेवतो. वाळल्या मिरचीचा मोडतो. आंब्याचा तर मुद्दाम राखावा लागतो. कोकण कृषी विद्यापीठाच्या नूतन झेल्याला पातं लावलेलं आहे ते देठासकट आंबा कापता यावा म्हणून. देठ मुळाशी तुटला तर चीक सालीवर ओघळून डाग पडतात आणि फळ देठाकडून कुजू लागतं. आपल्या भाषेत माणूससुद्धा बेंबीच्या देठापासून ओरडतो. जीव जिथं जोडलेला असतो ती जागा म्हणजे देठ, असं भाषेनं मानलं आहे आणि मला ते फार खोल वाटतं. पण पान जिथं जोडलेलं असतं, फूल जिथं आणि फळ जिथं, त्या सगळ्या जागांना भाषेनं एकच नाव दिलं.

जिथं पोटाचा आणि गोठ्याचा प्रश्न होता तिथं मात्र हीच भाषा विलक्षण बारकाईनं बोलते. ज्वारीचं ताट किंवा धाट उभं असतं, कापून वाळलं की त्याचा कडबा होतो. बाजरीचं सरमाड, गव्हाचं काड, भाताचा पेंढा. तुरीची तुराटी, कपाशीची पऱ्हाटी. उसाला कांडं, पेर आणि डोळा. कुणाही शेतकऱ्याला पऱ्हाटीला पेंढा म्हणून बघा, तो तुम्हाला लगेच दुरुस्त करील. ही नावं कुणी समिती बसवून ठरवलेली नाहीत. काय जाळायचं, काय चारायचं, काय छपरावर घालायचं, यातून ती आली. पान आणि फूल यांच्या देठांत असा व्यवहाराचा फरक कधी पडलाच नाही. फरक पडला तो देठ परीक्षण आल्यावर, म्हणजे अगदी काल-परवा.

युरोपातल्या वनस्पतिशास्त्रात हा फरक आधी झाला. लिनियसनं १७५१ च्या 'फिलॉसॉफिया बोटॅनिका' या ग्रंथात पानाचा पेटिओलस आणि फुलाचा पेडंक्युलस यांची वेगळी नोंद केली. पुढं एकट्या फुलाच्या देठाला पेडिसेल आणि सगळ्या फुलोऱ्याच्या दांड्याला पेडंकल असे आणखी दोन भाग पडले. गमतीची गोष्ट अशी की या तिन्ही शब्दांच्या मुळाशी लॅटिनमधला 'छोटा पाय' हा एकच अर्थ आहे. म्हणजे त्यांच्याकडेही आधी एकच शब्द होता. गरज पडली तेव्हा त्यांनी तो तीन जागी वाटून घेतला.

आपण काय केलं? आपण 'वृंत' आणलं. पर्णवृंत, पुष्पवृंत. या शब्दांवर माझा राग आहे आणि तो मी इथं लपवणार नाही. अमरकोशात वृंत म्हणजे फूल-फळ जिथं बांधलेलं असतं ते. तालवृंत म्हणजे ताडाच्या पानाचा पंखा, त्यात पानाचा दांडाच मूठ असतो. म्हणजे संस्कृतातही हा शब्द दोन्हीकडे फिरत होता. तेव्हा वृंत आणून नेमकेपणा वाढला नाही. नेमकेपणा येतो तो पर्ण आणि पुष्प या पहिल्या पदामुळं आणि ते काम 'पानाचा देठ', 'फुलाचा देठ' हे शब्द तितक्याच चोखपणे करतात. फुलोऱ्याच्या मुख्य दांड्याला दांडा म्हणावं. निशिगंधाच्या फुलबाजारात आणि केळीच्या बागेत तो शब्द रोज वापरात आहे. पर्णवृंत पाठ करणारी मुलं परीक्षेत पूर्ण गुण घेतात आणि बागेत गेल्यावर देठ ओळखू शकत नाहीत, कारण पाठ केलेला शब्द आणि हातातली वस्तू यांची कधी गाठच पडलेली नसते. मी शिकवलेल्या मुलांचंही असं झालं आहे. निवृत्तीनंतर मला सर्वांत जास्त खटकतं ते हेच.

ओळखायचं कसं, ते सांगते. रूपावर जाऊ नये, जागा बघावी. पानाचा देठ जिथं खोडाला चिकटतो तिथं वरच्या बाजूला, त्याच्या बगलेत, एक डोळा असतो. पुढं त्यातून फांदी फुटते किंवा फूल येतं. द्राक्षाची फूट हातात घ्या. पेरावर एका बाजूला पान, त्याच्या बगलेत डोळा आणि तिथूनच निघणारी बगलफूट. त्याच पेराच्या विरुद्ध बाजूला घड किंवा बाळी, म्हणजे आधाराला वेढे घालणारा तंतू. घडाच्या देठाच्या बगलेत डोळा सापडणार नाही, कारण तो देठ पानाचा नाहीच. घड आणि बाळी हे एकाच अवयवाचे दोन अवतार. म्हणून तर घड जिरला की त्याची बाळी होते. ताज्या नमुन्यात आणखी एक खूण दिसते. द्राक्षाच्या पानाच्या देठाला वरच्या अंगानं किंचित पन्हळ असते, घडाचा देठ गोलसर असतो. पण पन्हळ वाळल्यावर फसवते. डोळा झाडावर असताना फसवत नाही.

या एका खुणेनं पुष्कळ गोष्टी उलगडतात. पाडव्याच्या आधीच्या तासाला मी मुलांना कडुनिंबाचं एक पान आणायला सांगायची. निम्मी मुलं एक करवती कडेची पाकळी घेऊन यायची. ते पान नव्हे, पर्णिका. तिच्या तळाशी डोळा नसतो. डोळा असतो तो सगळ्या डहाळीच्या तळाशी, म्हणजे ती डहाळी हेच एक पान. रस्त्याकडेला लावलेल्या ऑस्ट्रेलियन बाभळीचं उदाहरण याच्या उलट आहे. तिचं कोयत्यासारखं दिसणारं पान म्हणजे चपटा झालेला देठ. पातं नाहीसं झालं आहे. नुकत्या उगवलेल्या रोपाला पहिली काही पानं बाभळीसारखी बारीक पर्णिकांची येतात आणि मग हळूहळू देठच रुंद होत जातो, हे रोपवाटिकेत उभं राहून डोळ्यांनी बघता येतं. स्वयंपाकघरातही पाहा. अळूची देठी करतात ती खऱ्या देठांची. देठाच्या माठाची भाजी मात्र खोडाची असते, कारण तिथं पेरं आहेत आणि पेरांवर पानं आहेत.

आता भुईमूग. इथं मला थांबवणं घरच्यांनाही जमत नाही. भुईमुगाचं पिवळं फूल लांब नाजूक देठावर आहे असं वाटतं. तो देठ नाही. ती फुलाच्याच पाकळ्यांखालची पोकळ नळी आहे आणि तिच्या आतून केसासारखी बारीक परागवाहिनी खाली जाते. किंजपुट, म्हणजे पुढं ज्याची शेंग होणार ते, नळीच्या तळाशी पानाच्या बगलेत बसलेलं असतं. फुलाला स्वतःचा देठ जवळजवळ नसतोच. फूल कोमेजतं आणि मग किंजपुटाच्या खालचा भाग वाढायला लागतो, लांब होतो, जमिनीकडे वळतो आणि किंजपुटाला टोकावर घेऊन मातीत शिरतो. शेतकरी त्याला आरी म्हणतात. अंधार आणि माती मिळाली तरच टोकाशी शेंग धरते. म्हणून आऱ्या सुटल्यावर कोळपणी करू नये असं जुनी माणसं सांगतात. म्हणून पिकावरून रिकामा ड्रम फिरवतात, की वरच्या आऱ्या जमिनीला टेकाव्यात. परिभाषेत तिला किंजधर म्हणतात. आरी या दोन अक्षरांत तिची टोकदार ठेवण आणि तिचं काम दोन्ही येतं आणि चांभाराची आरी ज्यानं पाहिली आहे त्याला वेगळं समजवावं लागत नाही. पाठ्यपुस्तकात आरी का नको, या प्रश्नाला मला आजवर समाधानकारक उत्तर मिळालेलं नाही.

काजूचं बोंड तसंच. पोर्तुगीजांनी सोळाव्या शतकात ब्राझीलमधून गोव्यात आणलेल्या या झाडाचं खरं फळ म्हणजे खाली लोंबणारी बी. आपण ज्याला फळ समजून चावतो आणि गोव्यात ज्याच्या रसाची फेणी होते, तो फुलाचा फुगलेला देठ आहे. मोहोर संपल्यावर वेंगुर्ल्याच्या बागेत जाऊन पाहावं. आधी बी वाढते, हिरवी, जवळजवळ पूर्ण आकाराची. वरचा देठ तोवर काडीसारखा बारीक असतो. शेवटच्या काही दिवसांत तो भरतो, रंगतो आणि बीपेक्षा कितीतरी मोठा होतो. हे सांगितलं की लोक म्हणतात, "काय फरक पडतो, गोड लागतं ना?" हा प्रश्न ऐकून मी थकते. फरक पडतो. निफाडच्या त्या शेतकऱ्याला दोन वर्षांच्या खतांच्या पैशांनी पडला.

मी दुसऱ्या आठवड्यात त्यांच्या प्लॉटवर गेले. त्यांना तोंडी समजावून झालं होतं, पण मला ते वेलीवर दाखवायचं होतं. सकाळचं दव अजून तारांवर होतं. मी एक फूट वाकवली आणि त्यांना पानाच्या देठाच्या बगलेत अंगठ्याचं नख लावायला सांगितलं.

"डोळा आहे," ते म्हणाले.

मग पलीकडे, घडाच्या देठापाशी. त्यांनी नख फिरवलं, पुन्हा फिरवलं, खाली वाकून पाहिलं. "इथं नाही."

मी त्यांची माफी मागितली. तो शब्द मी काढला होता, हे त्यांना सांगितलं. ते काही बोलले नाहीत. वेलीमागून वेल जात त्यांनी घडासमोरची पानं खुडली, पाती मोडून खाली टाकली, देठ पिशवीत घेतले. बांधावर आल्यावर त्यांनी नवीन पाकीट काढलं. प्लॉट, जात, छाटणीची तारीख लिहिली आणि 'देठ' या शब्दाआधी 'पानाचे' असं लिहून त्याखाली रेघ ओढली.