घरांत कोण नको?

आम्हां सांगलीकरांचें जुनें वेड नाटकाचें. १८४३ सालीं चिंतामणराव पटवर्धन यांच्या आश्रयानें विष्णुदास भावे यांनीं येथें ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणलें, तेव्हांपासून रंगवलेल्या तोंडांचीं सुखदुःखें पाहण्याची संवय आम्हांस जडली आहे. परंतु न रंगवलेल्या माणसांचें खरेंखुरें भांडण घरबसल्या पाहण्याची सोय आमच्या वडिलांच्या काळीं नव्हती. ती १९९९ मध्यें हॉलंडांत निघाली आणि २०१८ मध्यें ‘बिग बॉस मराठी’ या नांवानें आपल्या भाषेंत आली. दहापंधरा माणसें एका घरांत कोंडावयाचीं, रात्रंदिवस त्यांच्यावर कॅमेरे रोखावयाचे, घरांत कोण नको हें त्यांनींच एकमेकांविषयीं सांगावयाचें. मग ज्यास प्रेक्षकांचीं मतें कमी, तो घराबाहेर!

२०१९ च्या उन्हाळ्याच्या सुटींत आम्ही साताऱ्यास वडिलोपार्जित घरीं होतों. साताऱ्याचेच अभिजीत बिचुकले त्या खेळांत उतरल्यामुळें गल्लींत दुसरा विषय नव्हता. नाक मुरडीत कां होईना, आम्हीही रोज रात्रीं टी.व्ही.पुढें बसत होतों.

एका रविवारीं दुपारीं मुलांनीं माजघरांत तोच खेळ मांडला. घरांत कोण नको, यावर चिठ्ठ्या पडल्या. बहुतेक चिठ्ठ्यांवर आमच्या आत्याबाईंचें नांव! त्या कांहीं काम करीत नाहींत आणि रात्रभर खोकतात, अशीं कारणेंही मुलांनीं प्रामाणिकपणें सांगितलीं. आम्ही सारे हंसलों. आत्याबाईही हंसल्या.

संध्याकाळीं पाहतों तों त्यांची जुनी ट्रंक कॉटखालून बाहेर काढलेली.

“काय करतेस, आत्या?”

“कांहीं नाहीं रे. लुगडीं मोजून ठेवतें आहें.”

सव्विसाव्या वर्षीं त्या माहेरीं परत आल्या होत्या. आमचीं अंगडींटोपडीं त्यांच्याच हातचीं.

मुलांवर रागवावयास गेलों, पण शब्द फुटेना. नकोसें झालेलें माणूस मत देऊन काढतां येतें, हें त्यांनीं आमच्याच मांडीवर बसून पाहिलें होतें. नाटकाचा पडदा पडला कीं नट तोंड पुसून घरीं जातो. आमच्या माजघरांत पडदाच नव्हता. वाचकहो, त्या खेळास दोष देणें सोपें आहें. परंतु आत्याबाईंच्या नांवावर प्रथम हंसलों ते आम्हीच.

त्या रात्रीं टी.व्ही. कोणीं लावला नाहीं. मुलें आत्याबाईंना चिकटून बसलीं होतीं. थोड्या वेळानें त्याच म्हणाल्या, “लावा रे आतां. त्या बिचाऱ्यांपैकीं आज कोण जातें, तें तरी कळूं दे.”