वयोवृद्ध : नीट लिहूया, नीट वापरूया



चातुर्मास जवळ आला की संघात लगबग सुरू होते. पर्युषणात तपस्वींचा बहुमान असतो, आणि त्याच्याच जोडीला संघातल्या थोरामोठ्यांचा सत्कारही ठरतो. पत्रिका छापल्या जातात, स्थानकाच्या दाराशी फलक लागतो, महिला मंडळाच्या ग्रुपवर निरोप फिरतात. या सगळ्यांत एक शब्द हमखास चुकलेला दिसतो. कुणी ‘वयोवृध्द’ लिहितं, कुणी ‘वयवृद्ध’, तर कुणी ‘वयोव्रुद्ध’. ज्यांचा सन्मान करायचा त्यांच्याच नावामागचं विशेषण चुकीचं! बरोबर शब्द आहे ‘वयोवृद्ध’. आज या एका शब्दाबद्दल लिहिते. तो नीट कळला तर घरातल्या म्हाताऱ्या माणसाकडे पाहण्याची नजरही थोडी बदलते, असा माझा अनुभव आहे.

आधी लिहिण्याचं बघू. चूक तीन जागी होते.

पहिली जागा ‘वयो’. मूळ संस्कृत शब्द ‘वयस्’. त्याला ‘वृद्ध’ जोडताना शेवटच्या ‘अस्’चा ‘ओ’ होतो. मनस् आणि रथ मिळून मनोरथ, तपस् आणि वन मिळून तपोवन, यशस् आणि धरा मिळून यशोधरा, तसंच हे वयोवृद्ध. वयोगट, वयोमान हे रोजचे शब्द आपण बरोबर लिहितो, मग इथेही ‘वय’ एकटं ठेवायचं नाही.

दुसरी जागा ‘वृ’. इथे ऋ आहे, र आणि उकार नाही. ऋषभदेवांचं नाव आपण ‘रुषभ’ लिहीत नाही, तसंच ‘व्रुद्ध’ही लिहायचं नाही.

तिसरी आणि सगळ्यात जास्त चुकणारी जागा म्हणजे शेवटचं जोडाक्षर. त्यात आधी अर्धा द, मग पूर्ण ध. नवकारातल्या दुसऱ्या पदात आपण ज्यांना नमस्कार करतो, त्या ‘सिद्ध’ शब्दात हेच जोडाक्षर आहे. तो शब्द सावकाश म्हणून बघा. जीभ आधी ‘द्’वर टेकते आणि श्वास शेवटी ‘ध’बरोबर सुटतो. उलट करायला जाल तर अडखळाल. शुद्ध, बुद्धी, श्रद्धा, समृद्धी, युद्ध, वृद्धी, वृद्धापकाळ या सगळ्यांत हाच क्रम. मी पाठशाळेतल्या मुलांना एवढंच सांगते, ‘सिद्ध’ जसा लिहिता, तसाच ‘वृद्ध’ लिहा.

आता अर्थाकडे येऊ, कारण माझं खरं सांगणं तिथे आहे.

‘वृद्ध’ म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर काठी, कवळी, थरथरते हात येतात. पण शब्दात यातलं काहीच नाही. हा शब्द ‘वृध्’ या धातूपासून आला आहे, आणि त्या धातूचा अर्थ आहे वाढणं. वृद्ध म्हणजे वाढलेला. वयोवृद्ध म्हणजे वयाने वाढलेला. याच धातूपासून आणखी एक शब्द बनतो, जो आपल्या प्रत्येकीच्या घरात घेतला जातो. तो म्हणजे ‘वर्धमान’. प्रभू गर्भात आल्यापासून कुळात धनधान्याची, सौख्याची वाढ होऊ लागली, म्हणून आईवडिलांनी त्यांचं नाव वर्धमान ठेवलं, ही कथा आपण दर वर्षी जन्मवाचनाच्या दिवशी ऐकतो. वर्धमान म्हणजे वाढत असलेला, वृद्ध म्हणजे वाढलेला. दोन्ही शब्द एकाच घरातले आहेत.

मग झिजणं, थकणं, गळणं यासाठी संस्कृतात शब्द नाही का? आहे. तो वेगळ्या धातूपासून येतो. जरा, जीर्ण, जर्जर हे त्या दुसऱ्या घराण्यातले शब्द. कपडा जीर्ण होतो, भिंत जीर्ण होते, शरीरही जीर्ण होतं. म्हणजे एकाच माणसाबद्दल दोन वेगळ्या गोष्टी सांगणारे दोन शब्द भाषेने ठेवले आहेत. शरीर जीर्ण झालं आणि माणूस वृद्ध झाला. देह वेगळा आणि आत्मा वेगळा हे आपण व्याख्यानात किती वेळा ऐकतो! तो भेद या दोन शब्दांतही सापडतो. आपण मात्र ‘वृद्ध’ म्हणतो तेव्हा मनात ‘जीर्ण’च धरतो.

आपल्या आगमांनी वृद्धपणाकडे कसं पाहिलंय तेही बघण्यासारखं आहे. तिथे शब्द येतो स्थविर, प्राकृतात थेर. ठाणांग सूत्रात स्थविरांचे तीन प्रकार सांगितले आहेत. साठ वर्षं वयाचे श्रमण ते जातिस्थविर. ठाणांग आणि समवायांग या आगमांचे जाणकार ते श्रुतस्थविर. आणि दीक्षेला वीस वर्षं झालेले ते पर्यायस्थविर. म्हणजे तीन मापांपैकी वयाचं माप फक्त एक. आपल्या नगर जिल्ह्यातल्या चिचोंडीचे आचार्य आनंदऋषीजी म. सा. यांचं उदाहरण घ्या. जन्म १९०० चा, दीक्षा १९१३ ची. या हिशेबाने वयाच्या तेहतिसाव्या वर्षीच ते पर्यायस्थविर झाले होते. १९९२ मध्ये त्यांनी देह ठेवला, तोवर तिन्ही मापांनी ते स्थविर होते. संस्कृतातही वयोवृद्धाच्या जोडीने ज्ञानवृद्ध आणि तपोवृद्ध हे शब्द आहेत. वय सगळ्यांचंच वाढतं. त्याबरोबर आणखी काय वाढलं, हे हे शब्द विचारतात.

आणि आता एक वाईट वाटणारी गोष्ट. आगमातला हा ‘थेर’ शब्द मराठीत उरला आहे, पण कसा? ‘थेरडा’, ‘थेरडी’ असा. ज्या शब्दाने मुनींचा गौरव व्हायचा, तो आज शिवी म्हणून वापरला जातो. ‘म्हातारा’ या शब्दाचंही तसंच. तो ‘महत्तर’ म्हणजे अधिक मोठा, थोर, यावरून आला. आज तोंडावर कुणाला म्हातारी म्हटलं तर ती दुखावते. शब्द मुळात चांगलेच होते. पिढ्यान्पिढ्या ते ज्या सुरात बोलले गेले, तो सूर त्यांना चिकटला.

आमच्या सासूबाई आता ९१ वर्षांच्या आहेत. दोन वर्षीतप केलेली बाई. लग्न होऊन आल्यापासून त्यांचा रात्रीचा चौविहार कधी सुटला नव्हता. दोन वर्षांपूर्वी आजारपणानंतर रात्रीचं औषध सुरू झालं, आणि तेही पोटात काही असल्याशिवाय द्यायचं नाही असं डॉक्टरांनी सांगितलं. चौविहार सुटला. गुडघ्यांमुळे स्थानकात जाणं आधीच बंद झालं होतं. एका संध्याकाळी दुधाचा पेला हातात घेऊन म्हणाल्या, “तप गेलं, स्थानक गेलं. आता रोज काहीतरी कमीच होतंय बघ माझ्यातलं.” त्यावर मला काही बोलता आलं नाही.

त्याच वर्षी संवत्सरीच्या प्रतिक्रमणानंतर त्यांनी मला फोन लावायला सांगितला. कुणाला, तर आमच्या धाकट्या चुलत सासूबाईंना. घराच्या वाटणीवरून दोघी जावांचं बोलणं वीसेक वर्षं बंद होतं. दर वर्षी छापील क्षमापना पत्र जायचं, यायचं, तेवढंच. फोन लागला आणि सासूबाई म्हणाल्या, “मी मोठी असून अबोला धरला. खमावते गं तुला.” पलीकडून बराच वेळ नुसतं रडणं ऐकू येत होतं. सत्तरीत गुडघे चांगले होते, उपवास होत होते, पण हे झालं नव्हतं. ते नव्वदीत झालं. त्या दिवशी मला ‘वृद्ध’ शब्द कळला. शरीराचं जे कमी व्हायचं ते होतच होतं, पण आत काहीतरी वाढत होतं.

म्हणून मैत्रिणींनो, हा शब्द वापरताना थोडं भान ठेवूया. साठ-पासष्टच्या माणसाला लगेच वयोवृद्ध म्हणू नये, ते ज्येष्ठ. (तिथेही ‘जेष्ठ’ नाही, ‘ज्य’ हवा.) २००७ च्या कायद्याने साठीला ज्येष्ठ नागरिक मानलं आहे. एसटीने २०२२ पासून ७५ पूर्ण केलेल्यांना मोफत प्रवास दिला, त्यांना ‘अमृत ज्येष्ठ नागरिक’ असं छान नाव दिलं. वयोवृद्ध हा शब्द त्याच्याही पुढच्यांसाठी, ऐंशी-नव्वदीच्या माणसांसाठी शोभतो. ‘वयाने वयोवृद्ध’ असंही लिहू नका, वय त्यात आलंच आहे.

सत्काराच्या फलकावर नुसतं ‘वयोवृद्ध श्राविका’ लिहून थांबू नका. त्यांनी तीस वर्षं पाठशाळा घेतली असेल तर ते लिहा. आजारी साध्वीजींची सेवा केली असेल तर ते लिहा. वैयावृत्य हे आपल्याकडे सहा आभ्यंतर तपांपैकी एक आहे, आणि ते करणारीला तपोवृद्ध म्हणायला काय हरकत आहे? छापायला देण्याआधी मजकूर त्यांनाच एकदा वाचून दाखवा. त्यांना त्याचा आनंद होईल, आणि चूक असेल तर बहुतेक त्याच दाखवतील.

आणि घरात पाहुणे आले, की “आजींनी जेवलं का?” हे सुनेला विचारतात. तेव्हा हसून म्हणावं, “त्यांनाच विचारा ना, इथेच बसल्यात.” ऐकू कमी येत असेल तर जरा जवळ जाऊन, मोठ्याने विचारावं. वेळ लागेल, पण उत्तर त्या स्वतः देतील.