मोहरीच्या माहेरचा कोबी

पाकिटावरचा फोटो बघून बी घेऊ नये, हे माझी आई मला नक्की सांगू शकली असती. नाशिककडच्या भाजीपाल्याच्या मळ्यात वाढलेली बाई ती. पण ती मे अखेरीस न्यू जर्सीला पोचली, तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं.

मार्चमध्ये, बाहेर बर्फ असतानाच, मी खिडकीशी कागदी पेल्यांत चिनी कोबी टाकला होता. वाण ‘मिचिहिली’. फोटोत हातभर उंच, सडपातळ, फिकट हिरवा गड्डा आणि खाली ७२ दिवसांचं आश्वासन. एप्रिलच्या मध्यावर रोपं परसात लावली. रात्री चांगलाच गारठा असायचा, पण कोबी थंडीचंच पीक, त्याला काय होतंय, अशी माझी समजूत. आई येईल तेव्हा घरच्या कोबीची कोशिंबीर पानात पडेल, असा बेत होता.

आई आली, सामान दारातच ठेवून परसात गेली आणि म्हणाली, “अगं, तू तर कोबी लावलायस म्हणाली होतीस. ही मोहरी आहे.”

गड्ड्यांचा पत्ताच नव्हता. आठ-दहा पानं झाली न झाली तोच प्रत्येक रोपाच्या पोटातून दांडा वर आला होता आणि त्यावर पिवळीधमक फुलं डुलत होती. मी उपटायला वाकले, तर आईनं हात धरला. कोवळे दांडे तिनं कळ्यांसकट खुडले, बोटभर लांब चिरले आणि लसूण-मिरचीच्या फोडणीवर परतले. किंचित कडसर, कुरकुरीत भाजी झाली. चिनी स्वयंपाकात असे फुलांचे दांडे मुद्दाम पिकवून खातात. आमच्याकडे ते चुकून पिकले, एवढंच.

चूक काय झाली, ते नंतर वाचून कळलं. हा कोबी गारठ्याचा हिशोब ठेवतो. लहानपणी आठवडाभर जरी दहा अंशांखालची थंडी लागली, तरी त्याला वाटतं हिवाळा सरला. मग दिवस मोठे होऊ लागले की गड्ड्याच्या भानगडीत न पडता तो थेट फुलावर येतो. काही संकरित वाण हा गारठा जरा जास्त सोसतात. ‘मिचिहिली’ त्यांतलं नव्हे. ते शरद ऋतूचं वाण.

आणि आई म्हणाली तेही अगदीच खोटं नव्हतं. आपला नेहमीचा कोबी आणि हा चिनी कोबी या दोन वेगळ्या जाती. चिनी कोबी, पाकचोय, सलगम, उत्तरेकडची तोरिया ही सगळी एका जातीची भावंडं. नागाहारू ऊ या संशोधकानं १९३५मध्ये दाखवून दिलं, की आपली फोडणीची मोहरी ही याच जातीच्या आणि काळ्या मोहरीच्या संकरातून जन्मली आहे. एकीची गुणसूत्रं दहा जोड्या, दुसरीची आठ, मोहरीची अठरा. त्यातही आईकडची बाजू चिनी कोबीच्या जातीची. हा माणूस जन्मला तोक्योत, वडील कोरियन, आई जपानी. १९५०मध्ये तो कोरियाला गेला आणि किमचीचा कोबी नि मुळा यांचं चांगलं बियाणं तिथेच तयार व्हावं म्हणून मरेपर्यंत राबला. हे सगळं मी आईला वाचून दाखवलं. ती म्हणाली, “म्हणजे मोहरीचं माहेर हे. बरं, आता पुढचं बी कधी टाकायचं ते बघ.”

या वेळी फोटो झाकून पाकिटांची मागची बाजू वाचली. आमच्याकडे पहिलं हिम साधारण ऑक्टोबरच्या उत्तरार्धात पडतं. तिथून उलटं मोजलं आणि ऊन उतरतं तशी वाढ मंदावते म्हणून वर दोन आठवडे धरले. ‘मिचिहिली’ जुलैच्या शेवटच्या आठवड्यात. बुटका, पिंपासारखा, ४८ दिवसांचा ‘मिन्युएट’ हिशोबापेक्षा थोडा आधीच, ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात. गड्डा न धरणारा, पांढऱ्या देठांचा पाकचोय सगळ्यांत शेवटी. मुळं दुखावलेली या कोबीला खपत नाहीत, म्हणून बी थेट वाफ्यातच टोकलं आणि विरळणी करून दोन रोपांत फूट-दीड फूट अंतर राखलं.

चौथ्या दिवशी कोंब वर आले आणि सहाव्या दिवशी त्यांची चाळणी झाली. मोहरीच्या दाण्याएवढे काळे भुंगेरे, हात लावावा तर टुणकन उडी. आईला मामाचं वावर आठवलं. तिकडे कोबीच्या ओळींमध्ये मोहरीच्या ओळी पेरतात, म्हणजे चौकोनी ठिपक्यांचा पतंग अंडी घालायला मोहरीवर जातो. तिनं मिसळणाच्या डब्यातली मूठभर मोहरी वाफ्याच्या कडेनं टाकली. उगवली की! भुंगेरे तिच्यावर तुटून पडले. काही कोबीवरही राहिलेच, त्यामुळे शेवटी वर पातळ पांढरं कापड ताणावं लागलं. पण कडेच्या मोहरीची लक्तरं बघून आई म्हणाली, “लेकीनं माहेर राखलं हो.”

भुंगेऱ्यांनंतर बिनशंखाच्या गोगलगायी आल्या. त्यांना पकडायला बशीत बिअर ओतून ठेवतात. आमच्या घरात बिअर आली ती अशी, आईच्या देखत, गोगलगायींच्या निमित्तानं.

सप्टेंबरमध्ये आम्ही चार दिवस फिरायला गेलो. माती कोरडीठाक पडली आणि परत आल्यावर मी अपराधी भावनेनं भडाभडा पाणी घातलं. पहिला ‘मिन्युएट’ चिरला तर आतल्या पानांच्या कडा तपकिरी. मातीत कॅल्शियम असतं, पण पाण्याची अशी ओढाताण झाली की ते गाभ्यातल्या कोवळ्या पानांपर्यंत पोचत नाही. आईनं कडा कापून टाकल्या, उरलेला बारीक चिरून दाण्याचं कूट घातलं, लिंबू पिळलं, वरून फोडणी दिली. मेमधली कोशिंबीर सप्टेंबरात झाली.

ऑक्टोबरच्या मध्यावर ती परत गेली. ‘मिचिहिली’ तेव्हा नुकता गाभा धरत होता. नंतर दोन-तीन रात्री पांढरं हिम पडलं. त्यानं तो उलट गोड झाला.

नोव्हेंबरात पहिला गड्डा कापला आणि व्हिडिओवर तिला दाखवला. तिनं पाकिटावरचा फोटो बघावा तसा तो बघितला आणि विचारलं, “वजन किती भरलं?”

स्वयंपाकघरातल्या काट्यावर तो मावेना. मग तिच्या बॅगा तोलायला आणलेला आकड्याचा काटा शोधला, गड्डा पिशवीत घातला आणि लटकवला. दोन किलो शंभर ग्रॅम.

“पिशवी वजा कर,” आई म्हणाली.