मिरवणुकीचा खर्ज



नोव्हेंबर हा आपल्या मृतांच्या स्मरणाचा महिना. 2 तारखेला संध्याकाळी दफनभूमीत कबरींवर पवित्र पाणी शिंपडत फादर पुढे गेले आणि आम्ही काही जण एका नव्या कबरीपाशी मागे थांबलो. माती अजून पुरती बसलेली नाही, लाकडी क्रूस तात्पुरता रोवलेला आहे. आमच्यासोबत आलेल्या एका मुलीने मेणबत्तीशेजारी आपल्या वाद्याचा माउथपीस ठेवला. प्रार्थना संपल्यावर तिने तो उचलला, रुमालाने पुसला आणि पुन्हा खिशात घातला. रविवारी तिला तो लागणार होता.

त्या कबरीतल्या काकांविषयी लिहायचं बरेच दिवस मनात होतं. टाळत राहिलो, कारण लिहायचं तर आमची चूक सांगावी लागते. आज सांगतो.

आमच्या धर्मग्रामाचा बँड लहानसाच. दोन ट्रम्पेट, तीन क्लॅरिनेट, एक ट्रॉम्बोन, एक युफोनियम, साइड ड्रम, मोठा ढोल, झांजा आणि सगळ्यात मागे तुबा. तुबा हे नाव आमच्याकडे कुणी घेत नाही. मोठी माणसं त्याला ‘बास’ म्हणतात, पोरं ‘भोंगा’ म्हणतात. बेळगावात बँडचं कुणाला नवल नाही. मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र इथेच असल्यामुळे परेडच्या बँडचा आवाज शहराच्या कानाला सवयीचा आहे. आमचे काकाही लष्करातल्या एका बँडमध्येच बास वाजवायला शिकलेले. पेन्शन घेऊन घरी आले आणि तेव्हापासून फेस्त असो, ख्रिस्तराजाची मिरवणूक असो, कुणाचं दफन असो, पांढरा शर्ट घालून, दहा-अकरा किलोचं ते धूड खांद्याला लावून काका हजर.

या वाद्याची मौज अशी, की ते जवळून फारसं सुरेल वाटत नाही. ट्रम्पेटची नळी सरळ केली तर साधारण साडेचार फूट भरते. मोठ्या तुबाची नळी भरते अठरा फूट, म्हणजे चौपट. एवढी लांब नळी वेटोळी करून ठेवायची, ओठ थरथरवून तिच्यात श्वास सोडायचा आणि बोटांनी व्हॉल्व्ह दाबून वारा आणखी थोडा फिरवून आणायचा. पहिला व्हॉल्व्ह सूर एका पूर्ण स्वराने खाली आणतो, दुसरा अर्ध्याने, तिसरा दीडने. इतका श्वास खर्च करून निघतं काय, तर ‘पूम्, पूम्’. गाण्याची चाल दुसरेच वाजवतात. टाळ्याही त्यांनाच मिळतात.

तसं हे वाद्य वयाने लहान. 1835 साली बर्लिनमध्ये लष्करी बँडचे प्रमुख विल्हेल्म वीप्रेख्ट आणि वाद्य बनवणारे मोरित्झ यांनी त्याचं पेटंट घेतलं. पण चर्चमधली खर्जाची गरज त्याहून पुष्कळ जुनी आहे. फ्रान्समध्ये ओसेर या गावच्या एका धर्माधिकाऱ्याने 1590 च्या सुमारास ‘सर्पेंट’ नावाचं, सापासारखं वळणावळणाचं, लाकडावर चामडं मढवलेलं वाद्य तयार केलं असं सांगतात. ते कशासाठी? तर मिस्सेत गाणाऱ्यांचा सूर खाली घसरू नये, त्याला आधार मिळावा म्हणून. पुढे 1878 साली इंग्लंडमधल्या सॉल्सबरीत एक बाप आणि त्याचे तीन मुलगे आपली पितळी वाद्यं घेऊन मुक्तिफौजेच्या रस्त्यावरच्या प्रवचनात उभे राहिले आणि मुक्तिफौजेचे बँड तिथून सुरू झाले. चारच वर्षांनी, 1882 मध्ये, मुक्तिफौज मुंबईत उतरली. आपण कॅथलिक असू, प्रोटेस्टंट असू, फुंकून देवाची स्तुती करण्याचा वारसा सगळ्यांचाच आहे.

आता आमची चूक.

तीन वर्षांपूर्वी फेस्ताच्या तयारीची सभा होती. तरुणांना कीबोर्ड आणि टेम्पोवर स्पीकर हवे होते. पैसे मोजके. बँडमधून कुणाला कमी करता येईल असा विषय निघाला, तेव्हा आम्हीच म्हणालो, “बासची तशी गरज काय? गाणं तर ट्रम्पेट वाजवतो. शिवाय काकांचं वय झालं, त्यांना उगाच त्रास.” हे शेवटचं वाक्य फार सोयीचं होतं. ते उच्चारलं की आपण कुणाला वगळत नसून कुणाची काळजी घेत आहोत असं वाटतं. सगळ्यांनी माना डोलावल्या. काकांना सांगायला आम्ही स्वतः गेलो नाही. बँडमधल्या एकाकडे निरोप दिला.

तो निरोप पोचलाच नाही.

फेस्ताच्या दिवशी काका पांढऱ्या शर्टात, गोणपाटात गुंडाळलेला बास घेऊन फाटकाशी आले. टेम्पो, स्पीकर, कीबोर्ड त्यांनी पाहिला. बँडच्या ओळीत बासच्या जागेवर एक मुलगा कॅमेरा घेऊन उभा होता. काका कुणालाही काही बोलले नाहीत. वाद्य आंब्याच्या झाडाखाली टेकवून ठेवलं, खिशातून जपमाळ काढली आणि मिरवणुकीच्या शेवटी चालू लागले. आम्ही ते पाहिलं. पाहून दुसरीकडे पाहिलं.

मिरवणूक पहिल्या वळणापर्यंत छान गेली. टेम्पो गल्लीत वळला आणि मागच्यांना काही ऐकूच येईना. पुढचे लोक गाण्याच्या तिसऱ्या कडव्यावर, मागचे अजून दुसऱ्यावर. पवित्र मरियेची मूर्ती खांद्यावर घेतलेल्या आठ जणांची पावलं जुळेनात. मूर्ती डोलायला लागली. दोनदा थांबावं लागलं. मधे एवढी फट पडली की एक रिक्षा तिच्यातून निघून गेली.

घरी परतताना एक आजी म्हणाल्या, “यंदा पाय कुठे टाकायचा तेच कळेना बघ.” त्यांना तक्रार करायची नव्हती. आम्हाला मात्र ते लागलं.

कारण नंतर समजून घेतलं. कूच करताना बासचा सूर नेमका पावलावर पडतो: डावा, उजवा, डावा, उजवा. बाकीची वाद्यं त्या दोन पावलांच्या मधली जागा भरतात आणि चाल त्यांच्यावरून वाहत जाते. दुसरं असं, की उंच सूर समोरच्या दिशेने सरळ जातो, भिंत आडवी आली की अडतो. खर्जाचा सूर कोपऱ्यावरून वळून येतो. पुढचा बँड दिसेनासा झाला तरी ढोल आणि बास मागच्याच्या पायाला सांगत असतात की आपण अजून बरोबर आहोत. आम्ही ज्याला बिनकामाचं ‘पूम् पूम्’ समजत होतो, त्यावर अख्खं धर्मग्राम पाऊल टाकत होतं.

गणना या पुस्तकाच्या दहाव्या अध्यायात परमेश्वर मोशेला चांदीचे दोन कर्णे घडवायला सांगतो. एक फुंकला तर फक्त सरदारांनी यायचं, दोन्ही फुंकले तर सगळ्या मंडळीने, आणि वेगळ्या प्रकारे फुंकले की तळ हलवायचा. आम्ही हा भाग वर्गात कितीदा तरी शिकवला आहे. देवाच्या लोकांनी एकत्र चालावं म्हणून देवाने स्वतः वाद्यं घडवून घेतली, हे आम्हाला त्या फेस्तानंतर पहिल्यांदा उमगलं.

तरीही काकांकडे जायला आम्हाला पंधरा दिवस लागले. लाज वाटत होती, आणि लाज वाटली की माणूस कामात आहे असं दाखवतो. शेवटी दृढीकरणाच्या वर्गात करिंथकरांस पहिल्या पत्राचा बारावा अध्याय आला. एक शरीर, अनेक अवयव. जे अवयव दुर्बळ वाटतात तेच अधिक गरजेचे. आम्ही फळ्यावर हात, पाय, डोळे काढून समजावत होतो. मागच्या बाकावरच्या मुलीने विचारलं, “मग बासवाले आजोबा कोणता अवयव? त्यांना का नाही घेतलं?” तिने खोडसाळपणे विचारलं नव्हतं. तिला खरंच उत्तर हवं होतं. आमच्याकडे नव्हतं.

त्याच संध्याकाळी आम्ही काकांच्या घरी गेलो. काकूंनी चहा ठेवला. सभेत कोण काय बोललं, निरोप कसा राहिला, सगळं सांगितलं आणि म्हणालो, “काका, चूक आमची आहे. क्षमा करा.”

काका बराच वेळ कपातच बघत होते. मग म्हणाले, “वाईट वाटलं हे खरं. नाही म्हटलं तर खोटं होईल. येऊन सांगितलं असतं तर मी स्वतःच म्हणालो असतो, राहू दे की.” थोडं थांबून म्हणाले, “आता आलाच आहात तर एक काम करा. दुसरा व्हॉल्व्ह अडकतोय, तेवढा दुरुस्त करून आणा.”

आम्हाला वाटलं होतं, क्षमा म्हणजे काही तरी मोठं वाक्य असेल. मिळालं ते काम. बाजारात लग्नाच्या बँडचं दुकान आहे, तिथल्या कारागिराकडे वाद्य नेलं. त्याने पोचे काढले, सुटलेल्या सांध्यावर डाग दिला, व्हॉल्व्हची स्प्रिंग बदलली, वाजवी पैसे घेतले आणि वर ओरडलाही, “वाजवलं नाही की आजारी पडतं हे. पेटीत ठेवायची वस्तू नाही.”

काकांचा श्वास तोवर कमी झाला होता. ते म्हणाले, “मी आता मिरवणुकीत चालू शकत नाही. एक पोर द्या, शिकवतो.” आम्ही ट्रम्पेटकडे डोळा असलेल्या दोन-तीन मुलांना विचारलं. कुणी तयार होईना. तयार झाली ती मागच्या बाकावरची मुलगी.

पहिला महिनाभर गाणं नाही. एकच सूर धरायचा, मनातल्या मनात ‘नमो मरिया’ म्हणत; अर्ध्यावर श्वास संपला तर पुन्हा पहिल्यापासून. श्वासाची वाफ नळीत साचून पाणी होतं, ते चावी उघडून कसं काढायचं ते दाखवलं. युफोनियम वाजवणाऱ्या दादाला शेजारी बसवून सांगितलं, “दोघांनी एकदम श्वास घ्यायचा नाही. तू घेशील तेव्हा तिने धरायचं, ती घेईल तेव्हा तू.” धर्मग्रामात कसं राहावं यावर आम्ही पुष्कळ प्रवचनं ऐकली आहेत. याहून थोडक्यात सांगितलेलं आठवत नाही.

प्रायश्चित्तकाळ आला. त्या दिवसांत वाद्यं फक्त गाण्याला आधार म्हणून वाजवायची असा आपला नियम. मुलगी म्हणाली, “म्हणजे आता सुट्टी?” काका हसले, “सुट्टी ट्रम्पेटला. आपलं काम बाराही महिने आधाराचंच.”

त्या वर्षीच्या फेस्ताला काका फाटकाशी खुर्ची टाकून बसले होते. मिरवणूक गल्लीत वळली, बँड दिसेनासा झाला. मागून चालताना आम्ही त्यांच्याकडे वळून पाहिलं. डोळे मिटलेले होते आणि वहाणेतला पाय जमिनीवर पडत होता: डावा, उजवा. मूर्ती डोलली नाही.

लॅटिन बायबलमध्ये कर्ण्यासाठी ‘तुबा’ हाच शब्द आहे. तो जुन्या रोमी काळातला सरळ कर्णा, आजचं वेटोळं वाद्य नव्हे. नाव तेवढं पुढे आलं. पण करिंथकरांस पहिल्या पत्राच्या पंधराव्या अध्यायात मृतांना उठवणारा जो शेवटचा कर्णा आहे, तोही लॅटिनमध्ये ‘तुबा’च. हे आम्ही काकांना सांगितलं तेव्हा ते खोकत खोकत हसले आणि म्हणाले, “असं होय? मग त्या दिवशी तरी मला यादीतून गाळू नका.”

आम्हीही हसलो. पण घरी जाताना कळलं, की क्षमा झाली म्हणून जखमेची खूण जात नाही. ती खूण दाखवून हसता येणं, हीच त्यांची क्षमा होती. पुनरुत्थित प्रभूच्या हातांवरही खिळ्यांच्या खुणा होत्याच.

यंदा ऑगस्टच्या पावसात काका प्रभूकडे गेले. दफनाला बँड होता. छत्र्या धरलेले लोक, चिखल, अरुंद वाट. पुढचं काही दिसत नव्हतं. शवपेटी खांद्यावर घेतलेल्यांची पावलं मात्र चुकली नाहीत. ती मुलगी सगळ्यात मागे उभी राहून वाजवत होती.

प्रिय बंधुभगिनींनो, या आठवड्यात एक करू या. मिस्सा संपल्यावर आपल्या धर्मग्रामाकडे मागच्या बाकावरून पाहू या. घंटा वाजवणारे, बाक पुसणारे, फुलं बदलणारे, रोज जपमाळ धरून बसणारे. ‘यांची तशी गरज काय’ असं आपण कुणाबद्दल म्हणालो आहोत का? म्हणालो असू तर निरोप पाठवू नये. स्वतः जावं. आणि ते जे काम सांगतील ते करावं.

प्रार्थना करू या: हे प्रभू येशू, तू शेवटल्या जागी बसणाऱ्याला वर बोलावतोस. ज्यांच्या आधारावर आम्ही चाललो आणि ज्यांच्याकडे आम्ही पाहिलंच नाही, त्यांच्यासाठी तुझे आभार. आमच्या मृत बंधुभगिनींना तुझ्या प्रकाशात विसावा दे. तुझा कर्णा वाजेल त्या दिवशी आम्हा सगळ्यांना, कुणालाही न गाळता, एका पावलाने तुझ्याकडे चालत ने. आमेन.