तिकीट, रांग आणि अजिंठा

आपल्या शाळेची एक माजी विद्यार्थिनी आज जर्मनीत अभियंता म्हणून काम करते. गेल्या वर्षी सुट्टीत ती इटलीतील फ्लॉरेन्सला गेली आणि तेथून तिने आम्हा शिक्षकांना एका तिकिटाचे छायाचित्र पाठविले. उफ्फिझी या जगप्रसिद्ध कलासंग्रहालयाचे ते आगाऊ नोंदणीचे तिकीट होते. मूळ शुल्कावर चार युरो अधिक भरले की प्रवेशाची वेळ ठरवून मिळते आणि बाहेरच्या लांबलचक रांगेत उभे राहावे लागत नाही. 'चार युरोत दोन तास वाचले, सर,' असे तिने खाली लिहिले होते. बोत्तिचेल्लीच्या 'व्हीनसचा जन्म' या चित्रापुढे मात्र इतके मोबाईल उंचावलेले होते की चित्र पाहण्यासाठी पुन्हा वेगळी वाट पाहावी लागली, हेही तिने कळविले.

ते छायाचित्र आम्ही नववीच्या वर्गात दाखविले. प्रबोधनकाळाचा धडा चालूच होता. उफ्फिझीची वास्तू १५६० मध्ये वासारीने राज्यकारभाराच्या कचेऱ्यांसाठी बांधावयास घेतली. 'उफ्फिझी' म्हणजे कचेऱ्याच. पुढे मेदिची घराण्याने जमविलेली चित्रे-शिल्पे तेथे ठेवली गेली. त्या घराण्यातील शेवटची स्त्री अ‍ॅना मारिया लुईझा हिने १७३७ मध्ये करार करून ठेवला की हा ठेवा फ्लॉरेन्सबाहेर जाऊ नये आणि तो लोकांच्या उपयोगी पडावा. १७६९ मध्ये त्याची दारे सर्वांसाठी उघडली. आमच्या मते संग्रहालयाच्या इतिहासातील खरा दिवस तोच. राजाच्या मर्जीने आत जाणे निराळे आणि हक्काने आत जाणे निराळे, हे ज्यांच्या पूर्वजांना चवदार तळ्याचे पाणी १९२७ मध्ये संगर करून प्यावे लागले आणि काळाराम मंदिराच्या दाराशी १९३० पासून वर्षानुवर्षे सत्याग्रह करावा लागला, त्यांना वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

म्हणूनच साध्या तिकिटाविषयी आम्हाला आदर आहे. तिकीट आडनाव विचारीत नाही, गाव विचारीत नाही, बापाचा धंदा विचारीत नाही. ज्याच्या हाती कागद, तो आत. रांग तर त्याहूनही चांगली. जो आधी आला तो पुढे, एवढा एकच नियम. आणि तो पाळावयाचा की नाही हे त्या रांगेतीलच माणसे ठरवितात. वर्गात आम्ही हे सांगितले तेव्हा मागच्या बाकावरून प्रश्न आला : 'मग ताईने जास्त पैसे देऊन रांग का टाळली?' उत्तर तेथल्या तेथे देण्यासारखे नव्हते. त्याच हिवाळ्यात सहल अजिंठ्याला न्यावयाचे ठरले होते. प्रश्न आम्ही सहलीपर्यंत राखून ठेवला.

गडचिरोली-चंद्रपूरच्या जंगलपट्ट्यातून अजिंठा गाठणे म्हणजे लहानसा प्रवास नव्हे. आमच्या वसतिगृहातील मुले भामरागड, एटापल्ली, सिरोंचा, जिवती, गोंडपिपरी अशा तालुक्यांतली. बल्लारशाहहून रेल्वेने वर्धा, तेथे गाडी बदलून जळगाव, जळगावहून साठेक किलोमीटर एसटीने फर्दापूर. आणि तेथे स्वतःची गाडी असली तरी सोडून एसटीच्याच बसने पायथ्यापर्यंतचे शेवटचे चार किलोमीटर. सोमवारी लेणी बंद असतात, म्हणून बुधवार धरला होता. पंधरा वर्षांखालील मुलांना पुरातत्त्व खात्याच्या स्थळांवर शुल्क नाही; मोठ्यांना, आम्ही गेलो तेव्हा, खिडकीवर ४० रुपये आणि मोबाईलवरून काढल्यास ३५. आम्ही मोठ्यांची तिकिटे आदल्या रात्रीच मोबाईलवर काढून ठेवली. मुलांची यादी वयासह खिडकीवर दिली तेव्हा तेथील कर्मचाऱ्याने ती दोनदा पाहिली. पस्तीसपैकी एकवीस मुलांची जन्मतारीख १ जून होती. शाळेत नाव घालते वेळी गुरुजींनी अंदाजाने टाकलेली ही तारीख आपल्या भागात घरोघर असते. आम्ही ते समजावून सांगितले. तो गृहस्थ हसला आणि म्हणाला, 'आमच्या गावातही तेच.'

खरी रांग पुढे, लेणे क्रमांक एकच्या दाराशी होती. चित्रे असलेल्या मुख्य लेण्यांत एका वेळी मोजकीच माणसे आत सोडतात. माणसाच्या श्वासातील ओलावा आणि अंगाची ऊब यांनी दीड हजार वर्षांच्या रंगाला इजा होते, म्हणून हे बंधन. आम्ही जोडे काढून ओळीने उभे राहिलो. थोड्या वेळाने एकाने जवळ येऊन हलक्या आवाजात विचारले की एवढी मुले घेऊन कुठे ताटकळत बसता, माणशी काही दिले तर पुढे घेता येईल. आम्ही नको म्हटले. तेवढ्यात डोली आली. चार माणसे खुर्ची खांद्यावर पेलून चढण चढत होती आणि खुर्चीत एक वयस्कर बाई संकोचून बसल्या होत्या. त्यांच्यासाठी रांग आपणहून बाजूला झाली. 'यांना कसे जाऊ दिले?' असे एका मुलाने विचारले, आणि वर्गातील तो जुना प्रश्न तेथे पुन्हा निघाला.

चाळीस मिनिटे उभे असताना त्यावर जे बोलणे झाले ते वर्गात कधी झाले नसते. पाय चालत नाहीत त्या बाईला पुढे जाऊ देणे हा न्यायच, यावर सर्वांचे एकमत. ठरलेल्या वेळेचे तिकीट वाईट नाही, कारण गर्दी वाटून दिली तर चित्रही जगते आणि लांबून आलेल्याचा दिवसही वाया जात नाही, हेही बहुतेकांना पटले. आम्हीही मोबाईलवर तिकिटे काढली होतीच. अडले ते पैशापाशी. ताडोब्याच्या मोहर्ली फाटकाजवळ ज्याचे मामा राहतात असा एक मुलगा म्हणाला की तिथे जिप्सीत बसून वाघ पाहायला बाहेरचे लोक येतात, आम्ही अजून बसलो नाही. दुसऱ्याने एका देवस्थानातील सशुल्क दर्शनाची रांग पाहिली होती. पैसे भरणारा दहा मिनिटांत देवापुढे, न भरणारा चार तासांनी. आमचे मत आम्ही तेव्हाही सांगितले आणि येथेही नोंदवितो. वेळ राखून ठेवणे ही व्यवस्था आहे. दुसऱ्याची वेळ विकत घेणे ही उतरंड आहे. चार युरो कोणत्या बाजूला पडतात, हे त्या दिवशी ठरले नाही. मुलांत दोन तट पडले आणि तेवढ्यात आमचा क्रमांक लागला.

आतल्या मंद उजेडात पद्मपाणी बोधिसत्त्व दिसला तेव्हा मुले गप्प झाली. हे आम्हाला अपेक्षित होते. जे अपेक्षित नव्हते ते निराळ्याच कोपऱ्यात घडले. एका ठिकाणी गिलावा निखळून भिंतीचा आतला थर उघडा पडलेला आहे. एटापल्लीकडची एक मुलगी तेथे हात पाठीमागे बांधून बराच वेळ उभी होती. म्हणाली, 'सर, यात धानाचं तूस आहे. आमच्या घरची भिंत अशीच लिपतात.' तिचे अगदी बरोबर होते. अजिंठ्याचा गिलावा मातीचा आहे. त्यात वाळू, दगडाचा चुरा, गवताचे तंतू आणि धानाचे तूस मिसळलेले आहे, आणि त्यावर चुन्याचा पातळ हात देऊन रंगकाम केलेले आहे. इटलीतील भित्तिचित्रकार ओल्या चुन्यावर रंगवीत, म्हणजे चुना वाळता वाळता रंग त्यात मुरत असे. अजिंठ्याच्या कलावंतांनी वाळलेल्या थरावर चिकट द्रव्यात कालवलेले रंग लावले. लाल आणि पिवळा रंग गेरूच्या जातीच्या मातीचा, काळा काजळीचा. निळा मात्र अफगाणिस्तानकडून आलेल्या लाजवर्दाचा. बोत्तिचेल्लीच्या हजार वर्षे आधी हे काम झाले आणि ते आमच्या विदर्भातील वाशीम, म्हणजे वत्सगुल्म, येथून राज्य करणाऱ्या वाकाटक हरिषेणाच्या काळात झाले. सोळाव्या लेण्यात त्याचा अमात्य वराहदेव याचा दानलेख आहे. अमात्याचे नाव आपल्याला ठाऊक आहे. तूस कालवणाऱ्या हातांचे नाव कोणत्याही भिंतीवर नाही. त्या मुलीने मात्र ते हात ओळखले.

इटलीचा आणि अजिंठ्याचा एक संबंध आम्ही मुलांना बाहेर येऊन सांगितला. १९२० ते १९२२ या काळात निजाम सरकारने चेक्कोनी आणि ओर्सिनी या दोघा इटालियन तज्ज्ञांना येथे बोलाविले. सुटू लागलेला गिलावा त्यांनी भिंतीला पक्का केला, हे मोठे काम. पण चित्रांवर त्यांनी लाखेचे रोगणही चढविले. ते पुढे पिवळे पडले आणि मूळ रंग झाकोळले. नंतर पुरातत्त्व खात्याच्या रसायनतज्ज्ञांना ते हळूहळू उतरवीत बसावे लागले. दहाव्या लेण्याच्या खांबावर १८१९ मध्ये शिकारीला आलेल्या जॉन स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्याने आपले नाव कोरून ठेवले आहे, तेही मुलांनी शोधले. आपले नाव कोठेही कोरावयाचे नाही, एवढी सूचना आम्ही त्याच वेळी उरकून घेतली.

दुसऱ्या दिवशी वेरूळला जाताना वाटेत दौलताबादला उतरलो. येथे उतरण्याचे कारण यादवांची राजधानी हे जसे होते, तसेच दुसरेही होते. १९३४ मध्ये परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकर सुमारे तीस सहकाऱ्यांसह नाशिकहून बसने निघाले होते, वेरूळची बौद्ध लेणी पाहण्यासाठी. म्हणजे तीही एक सहलच होती. निजामाच्या मुलखात नसता त्रास नको म्हणून त्यांनी आपली ओळख फारशी कळू दिली नव्हती. दौलताबादला आपली माणसे चहा घेऊन थांबलेली होती. अंधार पडण्यापूर्वी किल्ला पाहावा म्हणून चहा परतल्यावर घेऊ असे सांगून मंडळी पुढे गेली. प्रवासाच्या धुळीने तोंडे भरली होती. किल्ल्याच्या दाराबाहेरील लहानशा हौदावर त्यांनी हातपाय धुतले. रमजानचा महिना होता. एक वृद्ध मुसलमान गृहस्थ ओरडत धावून आला की अस्पृश्यांनी हौद बाटविला. पाहता पाहता जमाव जमला आणि प्रकरण हातघाईवर येण्याच्या बेताला आले. शेवटी पहारेकऱ्याने किल्ला पाहू दिला, पण आत कोठेही पाण्याला हात लावावयाचा नाही या अटीवर. आणि अट पाळली जाते की नाही हे पाहण्यासाठी एक हत्यारबंद शिपाई सोबत दिला. बाबासाहेबांनी हा प्रसंग 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या आपल्या आठवणींत लिहून ठेवला आहे. प्रवेश मिळाला, पण अशा रीतीने.

हा प्रसंग आम्ही दाराजवळच उभे राहून मुलांना सांगितला. मग सर्वांची तिकिटे आणि यादी दाखवून आत गेलो. आत प्रचंड हत्ती हौद आहे; त्या मंडळींनाही शिपायासह त्याच्याच जवळून जावे लागले असणार. हौदाच्या काठाशी मुले कितीतरी वेळ बसून राहिली. जिवतीच्या एका मुलाने आपली बाटली शेजारच्या अनोळखी शाळेच्या मुलांना दिली, ती फिरत फिरत रिकामी होऊन परत आली.

आता पुढच्या सहलीविषयी, कारण ही स्मरणिका माजी विद्यार्थ्यांच्या आणि पालकांच्या हाती पडणार आहे. या वर्षी नववीच्या आधी सातवीच्या मुलांना भद्रावतीच्या विजासन लेण्यांत न्यावयाचे आहे. लांबट बोगद्यासारख्या वाटेच्या टोकाला बसलेले तथागत, आणि तशाच आणखी दोन वाटा. हे सर्व आपल्या चंद्रपूर जिल्ह्यात, तासाभराच्या अंतरावर, आणि तेथे ना तिकीट ना रांग. अजिंठ्याची सहल हिवाळ्यात निघेल. गेल्या वेळी सहा मुले पैशाअभावी मागे राहिली. जर्मनीतील ताईने त्यातील दोघांचा खर्च उचलण्याचे कळविले आहे. उरलेल्या चौघांची नावे कार्यालयात आहेत.