मुसीच्या पलीकडे

जन्म, शिक्षण, नोकरी, सगळं हैदराबादेतच. पण मुसी ओलांडून जुन्या शहरात जायचो ते पाहुण्यांना चारमिनार दाखवायला. घरात त्या भागाचं नाव निघालं की आजी गप्प होते. १९४८ साली रझाकारांच्या भीतीने तिच्या वडिलांनी नांदेडजवळचं गाव रातोरात सोडलं होतं.

यंदा हारून खान शेरवानींचा कुतुबशाहीचा इतिहास वाचायला घेतला. १५९१ साली चारमिनार बांधणाऱ्या मुहम्मद कुलीचा मुख्य कारभारी मीर मोमीन इराणातल्या अस्तराबादचा, आणि त्याचं पद होतं ‘पेशवा’! मी आपला शब्द पुण्याचाच समजत होतो.

मग एका रविवारी बादशाही आशूरखाना गाठला. मोहरममध्ये इथे अलम बसतात. भिंतींवर इराणी धाटणीचं रंगीत फरश्यांचं काम आहे. १९०८च्या मुसीच्या पुरात काही फरश्या गेल्या, तिथे नुसत्या रंगाने नक्षी भरलीय. मी बराच वेळ तिथेच उभा होतो.

बाहेर इराणी चहा. कोरा चहा झाकण लावून वेगळा उकळतो, दूध वेगळं आटतं, दोन्हींची गाठ कपातच पडते. आई छोले शिजवताना रंगासाठी चहापत्तीची पुरचुंडी टाकते, ते आठवलं. थोडा कोरा चहा बाटलीत मागून घेतला. चहावाला हसला, पैसे घेईना.

संध्याकाळी आईने त्यातच छोले शिजवले. आजीने रंग बघून विचारलं. कुठून आणलं ते सांगितलं. ती जरा वेळ बोलली नाही.

“मीठ कमी आहे,” म्हणाली, आणि वाटी पुढे केली.